एम्प्लॉयमेंटचे कार्ड
दुसरे महायुद्ध संपत आले, तेव्हा फौजेतून मोकळे होणाऱ्या जवानांना काम कोठून द्यायचे हा सरकारपुढचा प्रश्न होता. त्यासाठी जुलै १९४५ मध्ये पुनर्वसन व रोजगार खाते स्थापन झाले आणि सेवायोजन कार्यालये, म्हणजे एम्प्लॉयमेंट एक्स्चेंज, उघडली. फाळणीनंतर तेथे निर्वासितांची रांग लागली. १९४८ च्या आरंभी ही दारे सर्वांना खुली झाली आणि १ नोव्हेंबर १९५६ रोजी कारभार राज्यांकडे गेला.

रिक्त पदे कळवणे सक्तीचे करणारा १९५९ चा कायदा १ मे १९६० रोजी, म्हणजे महाराष्ट्र स्थापनेच्याच दिवशी, अमलात आला. सरकारी कार्यालयांना आणि २५ किंवा अधिक नोकर असलेल्या खासगी आस्थापनांना तो लागू होता. पहिल्या कसुरीला दंड ५०० रुपयांपर्यंत. गंमत अशी, की जागा कळवणे बंधनकारक होते, यादीतला माणूस घेणे नव्हे. शिपायासारखी अकुशल कार्यालयीन कामे तर कळवण्याच्या सक्तीतूनही वगळलेली होती.

तरीही बऱ्याच सरकारी नोकऱ्यांची वाट येथूनच जाई. दहावीचा निकाल लागला, की घरोघरी विचारणा होई, ‘एम्प्लॉयमेंटमध्ये नाव घातलंस का?’ मूळ दाखले दाखवून अर्ज भरला, की उमेदवाराला एक्स-१० हे कार्ड मिळे. एक्स-१ हे त्याचे जोडकार्ड कार्यालयातल्या खणात व्यवसाय-क्रमांकानुसार लागे. मागणी आली, की कारकून तो खण ओढून पात्र कार्डे वेगळी काढी, नावे पाठवी आणि मग उमेदवाराला ‘कॉल’ येई. कार्डावरची नोंदणीची तारीख म्हणजे ज्येष्ठता. नूतनीकरणाचा शिक्का वेळेत मारून घेतला नाही, तर ती जाई आणि वर्षानुवर्षे थांबलेला माणूस पुन्हा यादीच्या शेपटाला लागे. त्यामुळे हे कार्ड शिधापत्रिकेइतकेच जपले जाई. त्याने नोकरी क्वचित मिळे, पण ते नसले तर या नोकऱ्यांची आशाच नसे.

जागा कळवणे सक्तीचे, यादीतला माणूस घेणे नव्हे, ही कायद्यातली फट सर्वोच्च न्यायालयाने १९८७ मध्ये स्पष्ट केली: भरती सेवायोजन कार्यालयातूनच करण्याची सक्ती कायदा करत नाही. सरकारी खात्यांनी मात्र स्वतःवर तसे बंधन घालून घेणे तेव्हा ग्राह्य ठरले. १९९६ च्या निकालाने तेही सैल केले. सेवायोजन कार्यालयाकडून नावे मागवावीत, शिवाय वृत्तपत्रांत जाहिरातही द्यावी आणि येतील त्या सर्वांचा विचार करावा, असे न्यायालयाने म्हटले. ज्येष्ठतेचा दबदबा तेथून ओसरला. २०१५ मध्ये राष्ट्रीय करिअर सेवा हे संकेतस्थळ आले, महाराष्ट्रात नोंदणी ‘महास्वयम’ या संकेतस्थळावर गेली आणि कार्यालयांच्या पाट्यांवर कौशल्य विकास, रोजगार व उद्योजकता मार्गदर्शन केंद्र असे लांबलचक नाव आले.