मुद्दल तसंच

थोरल्या भावानं परवा एक कागद माझ्यासमोर ठेवला. म्हणाला, ‘इथं सही कर, तू सहकर्जदार.’ मी म्हणालो, वाचतो. त्याला राग आला. ‘तू लई शिकलेला. बँकेवाल्यांनी वाचलंच असंल की.’

बँकेवाले नव्हेत ते. घरकर्ज देणारी एक कंपनी आहे. नाव घेत नाही. तालुक्याच्या गावी काचेचं दार, आत पंखा, टाय लावलेला आपल्याच वयाचा पोरगा. त्यानं भावाला पाणी दिलं, खुर्ची दिली. आमच्या आज्याला सावकारानं कधी ओट्यावर बसू दिलं नव्हतं. भावाला खुर्ची मिळाली, आणि मला वाटतं निम्मं काम त्या खुर्चीनंच केलं.

हा लेख त्या कागदावर आहे. पण तो कागद मला एकट्याला वाचता येईना. त्याच्या मागं अजून दोन कागद होते, ते आधी वाचावे लागले.

पहिला आज्याचा. साल १९७२, दुष्काळाचं. गेवराई तालुक्यात आमच्या वाट्याची दीड एकर कोरडवाहू. खडी फोडायच्या कामावर आजा-आजी दोघं, घरात चार तोंडं. आज्यानं जमीन ‘ठेवली’. आमच्याकडं आजही असंच म्हणतात, जमीन ठेवली. विकली म्हणत नाहीत. बोली अशी झाली की तीन वर्षांत पैसे आणून दे आणि जमीन सोडव. अंगठा मात्र खरेदीखतावर. आज्याला वाटलं गहाण, कागद म्हणाला खरेदी. चौथ्या वर्षी आजा पैसे घेऊन गेला तेव्हा सावकार हसला म्हणे. माझा बाप तेव्हा पाच वर्षांचा. त्याला पुढं आयुष्यभर ते हसणं आठवायचं. आकडा आठवायचा नाही.

मला वाटायचं आजा अडाणी म्हणून फसला. मग एका वकील मित्राकडं बसलो तेव्हा कळलं की ही फसवणूक कायद्याच्या एका ओळीवर उभी आहे. १८८२ चा मालमत्ता हस्तांतरणाचा कायदा. त्याच्या ५८ व्या कलमात गहाणाचे प्रकार दिलेत. साधं गहाण, ताबेगहाण, सशर्त विक्रीचं गहाण, आणि पुढचे. सशर्त विक्रीत दिसायला विक्री असते, पण पैसे दिले की माल परत. १९२९ साली त्यात दुरुस्ती झाली: परत देण्याची अट त्याच कागदात लिहिलेली नसेल तर तो व्यवहार गहाण धरायचा नाही. म्हणजे अट तोंडी असली, वेगळ्या चिठ्ठीवर असली, देवळासमोर शपथ घेऊन सांगितलेली असली, तरी शून्य. आज्याची अट तोंडी होती. संपलं.

महाराष्ट्रात २०१४ साली सावकारीचा नवा कायदा आला. सावकारीच्या ओघात लाटलेली जमीन चौकशी करून परत देता येते, जिल्हा निबंधकाला तसा अधिकार आहे. वाचून मी उडालोच होतो. पण तो मागं जातो पंधरा वर्षं. आमचं १९७२. दोस्तांनो, तुमच्या गावात कुणाचं पंधरा वर्षांच्या आतलं असंल तर आजच अर्ज लिहा. आमचं गेलं ते गेलं.

दुसरा कागद आमच्या घरातला नाही, शिवेपलीकडचा. आष्टी तालुक्याला लागून नगर जिल्हा (आता अहिल्यानगर). बीड तेव्हा निजामाच्या राज्यात, नगर इंग्रजांच्या. १८६१ ते १८६५ अमेरिकेत यादवी लढाई चालली, तिकडचा कापूस थांबला, आपल्याकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. त्या भावावर सावकारांनी हात सैल सोडून कर्जं दिली. लढाई थांबली, भाव कोसळला, सरकारनं सारा वाढवला. कर्ज जिथल्या तिथं. १२ मे १८७५ ला पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला लोक उठले. तिथून लोण नगर जिल्ह्यात आलं, श्रीगोंदा, पारनेर, कर्जत, नगर. लोकांना हवे होते ते रोखे. सावकारानं कागद दिले की बहुतेक ठिकाणी त्याला हात लावत नसत. कागद जाळत. नाही दिले की मग घर.

लिहिता वाचता न येणारी माणसं कागदच का मागत होती? त्यांना नेमकं कळलं होतं म्हणून. दामदुप्पट नावाचा जुना नियम होता, मुंबई इलाख्यातली कोर्टं तो मानत. एका वेळी वसूल करायचं व्याज मुद्दलापेक्षा जास्त नको. शंभराला फार तर दोनशे. ऐकायला न्याय वाटतो. पण १८५९ च्या मुदतीच्या कायद्यानं साध्या रोख्याला तीन वर्षांची मुदत घातली. तीन वर्षांत दावा केला नाही तर रोखा मेला. कायदा करणाऱ्याला वाटलं कुळाचं भलं होईल. सावकारानं काय केलं? तीन वर्षं भरत आली की कुळाला बोलावलं, नवा रोखा लिहून घेतला. जुनं मुद्दल अधिक जुनं व्याज, दोन्ही मिळून नवं मुद्दल. आता दामदुप्पट मोजायची ती या नव्या मुद्दलावर. परत तीन वर्षांनी तेच. व्याजाचा दर न वाढवता कर्ज वाढत राहिलं, कागद बदलून.

एवढं लक्षात ठेवा, पुढं लागणार आहे.

१८७९ साली इंग्रजांनी दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा केला. पुणे, सातारा, सोलापूर, नगर. कोर्टानं रोख्यावरच्या आकड्यावर थांबू नये, मागं जावं, मुळात किती दिले होते ते शोधावं. चांगला कायदा. आष्टीची शीव ओलांडून तो इकडं आला नाही. जोतीराव फुल्यांनी १८८३ साली ‘शेतकऱ्याचा असूड’ लिहिला, त्यात सावकार, कुळकर्णी आणि कोर्ट ही साखळी दाखवलीय. पण आपल्या वस्तीचं दुखणं त्याच्याही खाली. ज्याच्याकडं जमीन नाही त्याला रोखा तरी कशावर मिळणार? त्यानं स्वतःला ठेवलं. निजामाच्या मुलखात याला भगेला म्हणत. कर्ज फिटेपर्यंत धन्याच्या घरी राबायचं आणि कर्ज फिटत नसे. १९७६ च्या वेठबिगारी निर्मूलन कायद्यात ज्या पद्धती नावं घेऊन बंद केल्या त्यात भगेला हे नाव छापलेलं आहे. आणि बीडचा ऊसतोड कामगार? उचल घेतो, कोयता घेऊन बायकोसकट जातो, पट्टा पडला तरी उचल अंगावर, पुढच्या पट्ट्यात पुन्हा. नाव बदललं की यादीतून सुटतं.

बाबासाहेबांनी हे सगळं ओळखलं होतं. ऑगस्ट १९३६ मध्ये स्वतंत्र मजूर पक्ष काढला, त्याच्या कार्यक्रमात लॅंड मॉर्गेज बँका काढायची मागणी आहे. गहाणाच्या बँका! मला आधी हे कोडं वाटलं. गहाण मोडायचं सोडून बाबासाहेब गहाणाची बँक का मागतात? मग उमगलं. कर्जाशिवाय गरिबाचं चालत नाही हे ते कबूल करतात. मग कर्ज लांब मुदतीचं असावं, व्याज कमी असावं आणि कागद मधेच बदलायची मुभा देणाऱ्याला नसावी. अर्थशास्त्राचा माणूस होता तो. भाषण करून सावकार मरत नाही हे त्याला ठाऊक होतं.

पुढं आपल्या राज्यात त्या बँका आल्याही, भूविकास बँक म्हणून. विहिरीला, मोटारीला कर्जं दिली. मग थकबाकी आणि राजकारण यांत बुडाल्या. सरकारनं गाशा गुंडाळला. सातबाऱ्यावरचा बोजा मात्र वर्षानुवर्षं तसाच. बँकेत माणूस नाही आणि उताऱ्यावर तिचं नाव जिवंत. २०२२ साली त्यांची ९६४ कोटींची कर्जं माफ झाली तेव्हा कुठं शेतकऱ्यांचे सातबारे मोकळे व्हायची वाट झाली. आणि हेही बघा, आणीबाणीत १९७५ साली महाराष्ट्रानं कर्जमुक्तीचा कायदा केला, शेतमजूर, छोटा शेतकरी, कारागीर, कामगार यांची सावकारी कर्जं रद्द. बँकेचं कर्ज त्यात धरलं नाही.

आता तिसरा कागद, भावाचा.

घरकुलाचे पैसे मंजूर झाले, त्यात स्लॅब होईना. भावाची जागा गावठाणातली, हातात फक्त ग्रामपंचायतीचा नमुना आठ. सरकारी बँक म्हणाली, हा कागद चालत नाही. कंपनी म्हणाली, चालतो. पण दर चौदा टक्के. पक्का कागद असलेल्याला तेव्हा नऊ टक्क्यांच्या आसपास मिळायचं. म्हणजे आपल्या वस्त्यांना, गायरानावर राहणाऱ्यांना, उतारा नसणाऱ्यांना मधली पाच टक्के जातीचा आणि इतिहासाचा दंड म्हणून बसतात. हिशेबात ते ‘जोखीम’ या नावानं लिहितात.

पाच लाख, चौदा टक्के, पंधरा वर्षं. हप्ता ६,६५९ रुपये. रात्रपाळीला रिंग खात्यात मशीन सुरळीत चालली की दहा मिनिटं मिळतात. त्या दहा-दहा मिनिटांत मी हिशेब मांडला. एकूण फेड होते ११,९८,५०० च्या वर. व्याजच जवळजवळ सात लाख. जुन्या दामदुप्पटीचा नियम काटेकोर लावला तर हप्त्यानं दिलेलं व्याज त्यात धरत नाहीत, हे मला ठाऊक आहे. पण शंभराचे दोनशे हा गावाचा न्याय लावा: पाच लाखाचे फार तर दहा. इथं बारा जातात. पक्क्या कागदवाल्याचंही बघा. दहा लाख, नऊ टक्के, वीस वर्षं: हप्ता ८,९९७, एकूण २१,५९,०००. तिथंही व्याज मुद्दलाच्या पुढं. आणि निम्मं मुद्दल फिटायला चौदा वर्षं लागतात.

पण मला झोप लागली नाही ती दुसऱ्या आकड्यानं. पहिल्या महिन्याच्या ६,६५९ मधले ५,८३३ व्याजात गेले, मुद्दलात ८२६. भावानं तीन वर्षं एकही हप्ता चुकवला नाही. वहिनीनं शेळ्या विकल्या, पण चुकवला नाही. भरले २,३९,७००. मुद्दल कमी झालं ३६,७००. बाकी ४,६३,३००. मी त्याला सांगितलं तर म्हणाला, ‘खोटं बोलू नको.’

त्यानं पहिल्या दिवशी पंधराऐवजी दहा वर्षं घेतली असती तर हप्ता ७,७६३ झाला असता, महिन्याला अकराशे जास्त. फेड ९,३१,६०० वर थांबली असती. अकराशे रुपयांनी २,६७,००० वाचले असते. तिथं त्याला कुणी हे सांगितलं नाही. सांगितलं ते एवढंच की हप्ता कमी बसतो.

तरत्या दराची तऱ्हा आणखी वेगळी. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ महिन्यांत रिझर्व्ह बँकेचा रेपो दर चारवरून साडेसहावर गेला. सात टक्क्यांनी दहा लाख, वीस वर्षांना घेणाऱ्याचा हप्ता ७,७५३. दर साडेनऊ झाला की दहा लाखांवर महिन्याचं नुसतं व्याज ७,९१७. हप्ता तोच ठेवला तर मुद्दल फिटायचं सोडा, व्याजच पुरं होत नाही. बँका हप्ता वाढवायच्या ऐवजी मुदत लांबवत. कर्जदाराला कळतही नसे. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं बजावलं की त्याला कळवा, निवड करू द्या, हप्ता वाढवायचा की मुदत.

तर आता भावाचा नवा कागद. ‘टॉपअप’ म्हणतात त्याला. बहिणीच्या लग्नासाठी दीड लाख. कंपनी म्हणते, वेगळं कशाला, जुनं बंद करून एकच नवं करू. ४,६३,३०० अधिक दीड लाख, ६,१३,३००. दर तोच. मुदत परत पंधरा वर्षं, पहिल्यापासून. हप्ता ८,१६८.

तीन वर्षं झाली, आणि नवा रोखा आला. सुप्याच्या लोकांना हा कागद लगेच ओळखू आला असता. भावानं भरलेल्या तीन वर्षांचं काय झालं विचारा. व्याज बहुतेक वर्षांच्या सुरुवातीला जातं, मुद्दल शेवटच्या वर्षांत. ती शेवटची वर्षं येऊच द्यायची नाहीत, परत पहिल्या महिन्यावर आणून बसवायचं. नव्या कागदाची फेड १४,७०,००० च्या वर, आधीचे २,३९,७०० वेगळे. आणि घर थकलं तर २००२ च्या कायद्यानं कोर्टात न जाता साठ दिवसांची नोटीस देऊन ताबा घेता येतो. त्या कायद्यातून शेतजमीन वगळलीय. घर वगळलेलं नाही.

मी सही केली नाही. भाऊ दोन दिवस बोलला नाही. लग्न तोंडावर आहे, त्याचं चुकत नाही. दीड लाख लागणारच आहेत, मी हिशेब करून ते कमी होत नाहीत. मी त्याला एवढं म्हणालो की दीड लाख वेगळं घे, कमी मुदतीचं घे, जुन्याला हात लावू नको. माझ्या पगारातून जादा हजार दर महिन्याला मुद्दलात भरतो. त्याचं कर्ज तरत्या दराचं असेल तर मुदतीआधी भरल्याचा दंड घेता येत नाही, बँकांना ही मनाई २०१२ पासून आहे. स्थिर दराचं असेल तर करार बघावा लागेल. करार कुठाय, विचारलं. म्हणाला, कंपनीतच राहिला. तीन वर्षं झाली, घराचा कागद आमच्या घरात नाही.

सोमवारी माझी सुट्टी. भावाला घेऊन जाणार आहे. खातेउतारा आणि कराराची प्रत लेखी मागायची. अर्ज मी लिहून ठेवलाय, दोन प्रती, एकीवर त्यांचा शिक्का घ्यायचा. वहिनी म्हणाली, मी पण येते, शेळ्या माझ्या होत्या.