लंडी कोबी

(शा. नाव कॉइन्सिया राइटाय, कुल – ब्रॅसिकेसी). मोहरी व मुळा यांच्या कुलातील पिवळ्या फुलांची संकटग्रस्त वनस्पती. इंग्लंडच्या डेव्हन किनाऱ्यापासून सु. १९ किमी. दूर असलेल्या लंडी बेटाबाहेर ती नैसर्गिक अवस्थेत कोठेही आढळत नाही. हे बेट जेमतेम ५ किमी. लांब, त्यातही तिचा वावर मुख्यतः पूर्वेकडचे कडे आणि समुद्राकडे कलणारे उतार एवढ्यापुरताच आहे.

नाव कोबी असले, तरी ती गड्डा धरत नाही. बुडाशी पानांचा झुपका, वर सु. १ मी.पर्यंत वाढणारे खोड आणि अंगभर राठ लव. मे ते ऑगस्टमध्ये चार पाकळ्यांची फुले येतात. शेंगेच्या टोकाच्या लांब चोचीतही बिया भरतात. आपल्या मोहरीत ती चोच रिकामीच असते. उत्तर डेव्हनमधील डॉक्टर एफ. आर. एलिस्टन राइट यांच्या अभ्यासामुळे १९३६ मध्ये ही स्वतंत्र जाती मानली गेली. जातिवाचक नाव त्यांच्यावरूनच आले.

तिच्यावरची संकटे बहुतांशी माणसाने बेटावर आणून सोडलेली आहेत. शेळ्या, मेंढ्या, सिका हरणे व ससे कोवळी रोपे खातात. शोभेसाठी लावलेल्या ऱ्होडोडेंड्रॉनने (हिमालयातील बुरांश याच प्रजातीतला) पूर्वेचे उतार व्यापले आणि त्याच्या दाट सावलीत रोपे तगेनाशी झाली. मात्र झुडपे तोडल्यावर, मातीत पडून राहिलेल्या बियांतून पुष्कळ ठिकाणी कोबी पुन्हा उगवली. तिला उघडी, थोडी विस्कटलेली जमीन मानवते, म्हणून सरसकट कुंपण घालणे हा काही उपाय नव्हे. रोगाने ससे घटले की तिला बहर येतो, ते वाढले की ती उंच कड्यांच्या आधाराने उरते. त्यामुळे एखाद्या वर्षीच्या मोजणीवरून तिचे बरे चालले आहे असे ठरवणे धोक्याचे ठरते.

सिलिओडेस ल्युरिडिपेनिस हा काशासारखा चमकणारा इवला भुंगेराही लंडीखेरीज कोठे नाही. प्रौढ कीटक पानांना बारीक भोके पाडतो, अळी देठ पोखरते. त्याचे सारे जीवन याच वनस्पतीवर चालते, तेव्हा कोबी गेली तर तोही जाईल. ब्रिटनच्या १९८१ च्या वन्यजीव कायद्याने लंडी कोबी तोडण्यास व उपटण्यास मनाई आहे. सशांना अर्थात ती लागू नाही.