डफावरून पडद्यावर: तानाजीच्या पोवाड्याची कुळकथा

पोलादपूर तालुक्यातल्या उमरठ गावात तानाजी मालुसऱ्यांची समाधी आहे आणि त्यांच्या शेलारमामांचीही. मालुसऱ्यांचं मूळ घराणं सातारा भागातल्या गोडोलीचं, पण तानाजींचं नाव जडलं ते उमरठला. ४ फेब्रुवारी १६७० च्या रात्री ते कोंढाण्यावर, म्हणजे आजच्या सिंहगडावर, पडले. त्यांचा देह मढे घाटानं खाली उतरवून उमरठला आणला आणि म्हणून त्या घाटाला हे नाव पडलं, असं इथली माणसं पिढ्यान्‌पिढ्या सांगत आली आहेत. केळदहून घाट उतरला की महाड तालुक्यातली कर्णवाडी लागते. समर्थांच्या दासबोधामुळे ज्याचं नाव सर्वांना ठाऊक आहे, ते शिवथरचं खोरं याच डोंगररांगेच्या कुशीत, शेजारीच आहे.

देह या वाटेनं गावी आला. तानाजींची गोष्ट मात्र डफावर बसून महाराष्ट्रभर गेली, छापखान्यात शिरली, तबकडीवर चढली आणि शेवटी चित्रपटात पोहोचली. या सगळ्या प्रवासात तिच्या अंगावरचं काय टिकलं आणि काय गळलं, हीच या पोवाड्याची कुळकथा.

मराठीतल्या सर्वांत जुन्या पोवाड्यांत तीन नावं नेहमी येतात: अगिनदासाचा अफझलखान वध, तुळशीदासाचा सिंहगड आणि यमाजीचा बाजी पासलकर. यातले पहिले दोन या मुलखाचे सोयरे आहेत. १० नोव्हेंबर १६५९ ला अफझलखान पडला तो प्रतापगडाच्या पायथ्याशी. पोलादपूरहून आंबेनळी घाट चढला की प्रतापगड येतो. आणि तुळशीदासाचा नायक तर उमरठचाच. मराठी पोवाड्याचा उगम शोधायला निघालात, तर पहिला मुक्काम महाड-पोलादपूरच्या डोंगरात पडतो, तो असा.

तुळशीदास गोष्टीला सुरुवात कशी करतो ते पाहण्यासारखं आहे. महाराज राजगडावर आहेत आणि जिजाबाई प्रतापगडावर. सोमवारचा दिवस आहे, हातात हस्तिदंती फणी आहे. केस विंचरता विंचरता माँसाहेबांची नजर कोंढाण्यावर जाते आणि तो गड मोगलांकडे असल्याचं त्यांना सलतं. त्या लेकाला तातडीनं बोलावून घेतात आणि त्याच्याशी सारीपाट मांडतात. डाव जिंकल्यावर मागून काय घ्यायचं, तर कोंढाणा! महाराजांपुढे पेच पडतो. मग उमरठ्याला जासूद जातो. तिथे तानाजीचा मुलगा रायबा याच्या लग्नाची गडबड चाललेली असते. तानाजी लग्न बाजूला सारून निघतो, आणि सोबत ऐंशी वर्षांचे शेलारमामा. पुढे कड्यावर दोर नेणारी यशवंती घोरपड येते, गडाचा किल्लेदार उदेभान याचा चंद्रावळी हत्ती येतो, सिद्दी हिलाल येतो. ऐकणाऱ्याला एका जागी खिळवून ठेवायला जे जे लागतं ते सगळं येतं.

आता हाच प्रसंग कृष्णाजी अनंत सभासदानं कसा लिहिला ते पाहा. त्यानं १६९४ च्या सुमारास जिंजीला बसून, राजाराम महाराजांच्या सांगण्यावरून बखर लिहिली. त्याच्याकडे सारीपाट नाही, हत्ती नाही. तानाजी निवडक पाचशे माणसं घेऊन जातो. पोवाड्यात मात्र बारा हजारांची फौज आहे. बखरीत कडा चढतात ते दोन मावळे, वानरासारखे; घोरपडीचं काम माणसांनीच केलेलं आहे. तानाजी आणि उदेभान दोघेही पडतात आणि मग तानाजीचे भाऊ सूर्याजी मालुसरे फळी सावरतात. बखरीतला प्रसंग थोडक्यात आटोपतो. पोवाड्यातला संपता संपत नाही.

प्रतापगडाचीही एक गंमत आहे. तिथून कोंढाणा सरळ रेषेत सुमारे ५० किलोमीटर, तर राजगडावरून तो १५ किलोमीटर. त्यामुळे नंतर ही गोष्ट सांगणाऱ्यांनी माँसाहेबांना राजगडावर आणून बसवलं. भूगोलाच्या हिशेबात ते बरोबरच आहे. पण तुळशीदासाच्या हिशेबात प्रतापगड आणि उमरठ शेजारचे होते, आणि त्याची कथा त्या शेजारातूनच हलते. पोवाडा मोजपट्टी घेऊन बसत नाही. कोणाच्या दुःखाचा निरोप कोणाच्या दारात जायचा, एवढंच तो बघतो.

हे सगळं गायलं कसं जायचं? शाहिराच्या हातात डफ. मागे झील, म्हणजे ध्रुपद, धरणारे झीलकरी, त्यांतल्या एकाकडे तुणतुणं आणि एकाकडे झांज. जुने पोवाडे गोंधळ्यांनीही जपले. त्यांच्याकडे संबळ असे. तुणतुणं म्हणजे एक लाकडी नळकांडं, तळाशी कातडं, बाजूला काठी, तिच्या टोकाला खुंटी आणि मधून ताणलेली एकच तार. त्यातून एकच सूर निघतो. पण तो सूर एकदा कानाला लागला की शाहीर कितीही वर गेला तरी परत यायची जागा त्याला सापडते. डफाचं कातडं मात्र लहरी. महाड-पोलादपुरात वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो, हवा ओली असते आणि ओल्या हवेत कातडं सैल पडून डफ बसका बोलतो. मग कार्यक्रमाआधी जाळावर डफ शेकायचा. कातडं तडतडेपर्यंत नाही, पण बोटाची टिचकी मारली की खणखणीत उत्तर मिळेल इतपत. शेकलेला डफ थोड्या वेळानं पुन्हा उतरतो. अशा वेळी शाहीर गाणं थांबवून गद्यात शिरतो, श्रोत्यांशी बोलतो, प्रसंग रंगवतो; तेवढ्यात दुसरा डफ तयार होतो. पोवाड्यातली ती बोलण्याची जागा कथेची गरज असते आणि वाद्याचीही.

गळ्याचंही तसंच. लाउडस्पीकर नव्हता तेव्हा उघड्या माळावर शेवटच्या माणसापर्यंत शब्द पोहोचवायचा, तर आवाज फेकावा लागे. खरखर चालायची, सूर किंचित चढला तरी चालायचं, पण शब्द गिळलेला चालायचा नाही. एक हात कानावर, डफ छातीशी, आणि चौक, म्हणजे पोवाड्याचा एक खंड, संपला की झीलकऱ्यांचं ‘जी जी रं जी’. त्या झिलीत शाहीर श्वास घेतो. शेवटच्या चौकात तो स्वतःचं नाव घालतो. तुळशीदास नावाचा कोणी शाहीर होता हे आपल्याला कळतं ते याच चालीमुळे. दुसऱ्या कुठल्या दप्तरानं त्याची दखल घेतलेली नाही.

हा पोवाडा कागदावर यायला एकोणिसावं शतक उजाडावं लागलं. मुंबईचे पालिका आयुक्त असलेले हॅरी ॲक्वर्थ आणि शंकर तुकाराम शाळिग्राम यांनी गावोगावचे पोवाडे मिळवून १८९१ मध्ये ‘इतिहासप्रसिद्ध पुरुषांचे व स्त्रियांचे पोवाडे’ हा संग्रह काढला. कुष्ठरोग्यांसाठी मुंबईत जे रुग्णालय निघालं आणि आजही ज्याला ॲक्वर्थचं नाव आहे, तेच हे ॲक्वर्थ. त्यांनी काही पोवाड्यांचं इंग्रजी पुस्तकही १८९४ मध्ये छापलं. तोंडोतोंडी फिरणारा, गायकागणिक बदलणारा पाठ तिथे पहिल्यांदा पानावर स्थिर झाला. त्याआधी १८६९ मध्ये जोतीराव फुल्यांनी शिवाजी महाराजांवर पोवाडा रचून दाखवून दिलं होतं की हा प्रकार जुन्या शौर्यकथा आळवण्यापुरता नाही, त्यातून आजचं भांडणही भांडता येतं. सावरकरांनी सिंहगडावरच नवा पोवाडा रचला, तेव्हा ते इंग्रज सरकारलाही उमगलं आणि त्यानं त्यावर बंदी घातली. दरम्यान १९०३ मध्ये हरि नारायण आपट्यांची ‘गड आला पण सिंह गेला’ ही कादंबरी आली आणि शाहिराची कथा वाचणाऱ्या मध्यमवर्गाच्या घरात शिरली.

तिथून पडदा फार लांब नव्हता. १९२३ मध्ये कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीतून बाबूराव पेंटरांचा ‘सिंहगड’ आला. रात्रीची लढाई दाखवण्यासाठी त्यांनी कृत्रिम प्रकाशात चित्रण केलं, ही त्या काळातली मोठी धडाडी. त्यात शेलारमामा झाला होता एक तरुण: व्ही. शांताराम. चित्रपट मुका, म्हणजे पोवाड्याची गोष्ट पडद्यावर आली ती आवाजाशिवाय. १९३३ मध्ये त्याच शांतारामांनी प्रभात फिल्म कंपनीसाठी ‘सिंहगड’ पुन्हा काढला, या वेळी बोलका, आणि संगीत गोविंदराव टेंब्यांचं. टेंबे हार्मोनियमचे उस्ताद, संगीत नाटकाच्या परंपरेतले. तानाजीच्या कथेला आता पेटीची आणि रागदारीची बैठक मिळाली. डफाचा माळ सुटला.

याच काळात ध्वनिमुद्रिकांचं पेव फुटलं होतं. दहा इंची तबकडीच्या एका बाजूवर सव्वातीन मिनिटांच्या आसपास गाणं मावायचं. तासाभराचा पोवाडा त्यात बसवायचा म्हणजे कापाकापी आलीच. नमन गेलं, मधलं गद्य गेलं, झीलकऱ्यांची लांबण गेली. शाहिराचं नाव असलेला शेवटचा चौकही बहुतेक वेळा गेलाच, कारण तो कथेला पुढे नेत नाही. माईकसमोरही अडचण होती. माळावर फेकायला घडवलेला आवाज यंत्राजवळ फुटतो. शाहिराला दोन पावलं मागे सरून गावं लागे किंवा गळा आवरावा लागे. कातडं, खरखर, दमछाक, म्हणजे ज्यामुळे पोवाडा पोवाडा वाटतो, तेच यंत्राला नको होतं.

ही तऱ्हा आपल्याकडचीच नाही. अमेरिकेत सिएटल शहरात १९८०-९० च्या दशकांत ग्रंज नावाचा खरबरीत, मुद्दाम रांगडा ठेवलेला रॉक जन्मला. तिथला गायक अँड्र्यू वुड १९९० मध्ये तरुणपणीच गेला. त्याच शहरातल्या ‘ॲलिस इन चेन्स’ या बँडच्या जेरी कँट्रेलनं त्याच्या आठवणीत ‘वुड?’ हे गाणं लिहिलं आणि ते कॅमेरॉन क्रोच्या ‘सिंगल्स’ या १९९२ च्या चित्रपटासाठी ध्वनिमुद्रित झालं. गावच्या मेलेल्या गड्यासाठी रचलेलं गाणं चित्रपटानं जगभर नेलं. ज्याच्यासाठी रचलं तो मात्र बहुतेक ऐकणाऱ्यांना ठाऊकच नसतो. फरक एवढाच की सिएटलच्या गाण्यावर रचणाऱ्याचं नाव छापलेलं असतं. तुळशीदासाचं नाव त्याच्या शेवटच्या चौकातच होतं, आणि नेमका तोच कापला गेला.

अलीकडच्या काळात पोवाड्याला पडद्यावर पुन्हा मान मिळाला. २००९ च्या ‘मी शिवाजीराजे भोसले बोलतोय’ मध्ये नंदेश उमप गायले. विठ्ठल उमपांचा हा मुलगा, म्हणजे गळा घरातूनच शाहिरी. त्या गाण्यामुळे शहरातल्या मुलांना पोवाडा नावाचा प्रकार पाठ्यपुस्तकाबाहेर पहिल्यांदा भेटला. १० जानेवारी २०२० ला ओम राऊत दिग्दर्शित ‘तान्हाजी’ आला. त्यातली गाणी मोठ्या वाद्यमेळाची, त्यांत अजय-अतुल यांचं ‘माय भवानी’ही. पण कथेचा सांगाडा पाहा: रायबाचं लग्न, लग्न सोडून मोहिमेवर निघणारा बाप, शेलारमामा, आणि आईच्या शब्दासाठी परत घ्यायचा गड. हे सगळं बखरीपेक्षा कितीतरी अधिक तुळशीदासाचं आहे. साडेतीनशे वर्षांनंतर, करोडोंच्या खर्चाचा त्रिमितीय चित्रपटसुद्धा त्याच वाटेनं कोंढाणा चढला.

म्हणून माझा निवाडा असा: पडद्यावर जो तानाजी दिसतो, तो इतिहासकारानं दिलेला नाही, शाहिरानं दिलेला आहे. यात तक्रार करण्यासारखं काही नाही. घोरपड खरी की खोटी यावर आपण दरवर्षी वाद घालतो. तो वाद बखरीच्या पानावर सुटतो. पोवाड्याला विचारायचा प्रश्न वेगळा आहे: ऐकणाऱ्यांना त्यानं जागं ठेवलं का? या परीक्षेत तुळशीदास कधीच नापास झालेला नाही.

नापास झालो आहोत ते आपण, त्याचं नाव राखण्याच्या बाबतीत. आता तबकडीची सव्वातीन मिनिटांची सक्ती उरलेली नाही. खिशातल्या मोबाइलवर तासन्‌तास आवाज साठवता येतो. तेव्हा महाड-पोलादपूरच्या किंवा कुठल्याही गावातल्या वाचकांना एकच विनंती. तुमच्याकडे कोणी म्हातारा शाहीर, गोंधळी किंवा झीलकरी अजून गात असेल, तर त्याचा पोवाडा नमनापासून शेवटच्या चौकापर्यंत सलग ध्वनिमुद्रित करा, डफ शेकण्यासाठी तो थांबतो ती जागाही न कापता. सुरुवातीला त्याच्याच तोंडून त्याचं नाव, गाव, गुरूचं नाव आणि तारीख वदवून घ्या. एक प्रत त्याच्या घरी ठेवा आणि एक जवळच्या वाचनालयात द्या.