सड्यावरचं वाळवंट: फुरशांवर लागलेल्या बक्षिसाची गोष्ट

नवी मुंबईतून तुमच्यासाठी आणखी एक भाग. इयरफोन लावून पनवेल लोकलमध्ये बसला असाल, तर डब्यात एक नजर फिरवा. गाव रत्नागिरी किंवा सिंधुदुर्गात आहे असं सांगणारं कुणी ना कुणी सापडेलच. कदाचित तुम्हीच. आजची गोष्ट त्या गावांतल्या सड्यांवरची आहे. जेमतेम एक फूट लांबीच्या एका सापाची, म्हणजे फुरशाची.

सुरुवात करू एका प्रसिद्ध किश्श्याने. 'कोब्रा इफेक्ट' हा शब्द रील्समध्ये ऐकला असेल. इंग्रजांनी दिल्लीत नाग मारायला बक्षीस लावलं, लोक बक्षिसासाठी नाग पाळायला लागले, योजना बंद झाल्यावर त्यांनी ते सोडून दिले आणि नाग आणखी वाढले. हे नाव गाजलं ते हॉर्स्ट सीबर्ट या जर्मन अर्थतज्ज्ञाच्या २००१ सालच्या पुस्तकामुळे. किस्सा झकास आहे, पण त्याला त्या काळातला ठोस पुरावा मिळत नाही.

आपल्या कोकणात मात्र सापांवर खरोखर बक्षीस लागलं होतं. आणि त्याचे आकडे छापलेले आहेत.

१८६२ साली रत्नागिरी जिल्ह्यात अवघ्या आठ दिवसांत १,१५,९२१ फुरशी मारून बक्षिसासाठी आणली गेली. म्हणजे दिवसाला साधारण साडेचौदा हजार! जी. डब्ल्यू. विडाल या इंग्रज मुलकी अधिकाऱ्याने १८९० साली बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या जर्नलमध्ये फुरशांबद्दल लिहिलं. त्यातला आकडा तर आजही सापांवरच्या पुस्तकांत येतो. बक्षीस चालू असताना सहा वर्षं दर वर्षी सरासरी २,२५,७२१ फुरशी मारली गेली. गुणाकार करून बघा. साडेतेरा लाखांच्या वर जातो.

आता प्रश्न असा, की एका जिल्ह्यात इतकी फुरशी आली कुठून?

उत्तरासाठी थेट राजस्थानात जावं लागेल. जैसलमेर आणि बाडमेर जिल्ह्यांत ३,१६२ चौरस किलोमीटरवर डेझर्ट नॅशनल पार्क पसरलंय. माळढोक पक्ष्यामुळे ते आपल्याला माहीत असतं. पण तिथल्या वाळूत सरपटणाऱ्यांचंही मोठं राज्य आहे. काटेरी शेपटीचा सांडा, वाळवंटी घोरपड, आणि आपलं फुरसंसुद्धा. तिकडचं फुरसं कोकणातल्यापेक्षा बरंच मोठं होतं, पण जात तीच.

फुरसं मुळात कोरड्या, उघड्या जमिनीसाठी घडलेलं आहे. तापलेल्या वाळूवर ते अंग तिरकं टाकत चालतं. धोका वाटला, की शरीराची वेटोळी एकमेकांवर घासतं. कडेच्या खवल्यांना करवतीसारखे दाते असतात, त्यामुळे तव्यावर पाणी टाकल्यासारखा चर्र आवाज येतो. फुत्कार टाकला तर श्वासाबरोबर ओलावा जातो. अंग घासून आवाज काढला तर तो वाचतो, असं काही अभ्यासक म्हणतात.

पण कोकणात तर धो-धो पाऊस! मग वाळवंटातला साप इथे कसा? इथेच सडा समजून घ्यायला हवा. जांभ्या दगडाचं हे पठार पावसाळ्यात हिरवंगार दिसतं, पण पाऊस गेला की पाणी टिकत नाही. माती पातळ, झाडं कमी, उन्हाने कातळ भाजून निघतो. वर्षातले कितीतरी महिने सडा म्हणजे छोटं वाळवंटच. लपायला दगड, खायला विंचू, गोम, पाली, बेडूक, लहान उंदीर. त्यात आपल्याकडचं फुरसं अंडी घालत नाही, थेट पिल्लांना जन्म देतं. एवढं सगळं जमून आल्यावर संख्या कमी कशी असेल?

बक्षीस लावणाऱ्या कचेरीने मोजलं काय, तर मेलेले साप. पण दगड तिथेच, भक्ष्य तिथेच आणि अनवाणी पायाने गवत कापणारी माणसंही तिथेच. साडेतेरा लाख मारूनही फुरसं संपलं नाही. आजही ते त्याच सड्यांवर आहे.

माणसं वाचवायची वाट निघाली ती वेगळ्याच ठिकाणाहून, खाडीपलीकडे परळला. १८९९ साली तिथल्या जुन्या गव्हर्नमेंट हाउसमध्ये प्लेगच्या लशीची प्रयोगशाळा आली. १९२५ पासून तिचं नाव हाफकिन इन्स्टिट्यूट. पुढे तिथे नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चौघांवर चालणारं एकच प्रतिविष तयार होऊ लागलं. घोड्याला विषाचे अगदी छोटे डोस द्यायचे, त्याच्या रक्तात विषाशी लढणारे घटक तयार होतात, ते वेगळे करून औषध बनवायचं. ज्या सापाला आधी फक्त ठेचत होते, त्याचं विष आता जपून काढावं लागलं.

पण गोष्ट इथे संपत नाही. आज प्रतिविषासाठी लागणारं बरंचसं विष तमिळनाडूतल्या इरुला समाजाच्या सहकारी संस्थेकडून येतं. १९७८ साली सुरू झालेली ही संस्था. त्यांचं काम मोठंच आहे. पण एकाच जातीच्या सापाचं विष प्रदेशानुसार बदलतं. दक्षिणेतल्या विषापासून बनवलेलं औषध वाळवंटातल्या फुरशावर कमी पडतं, असा राजस्थानातल्या डॉक्टरांचा अनुभव आहे. म्हणजे आपल्याला सगळे साप अजून कळलेले नाहीत, आणि त्याची किंमत माणसं मोजतायत. २०२० साली आलेल्या एका मोठ्या अभ्यासाचा अंदाज आहे की २००० ते २०१९ या काळात भारतात सर्पदंशाने सुमारे १२ लाख माणसं गेली.

म्हणून गणपतीला किंवा मे महिन्यात गावी जाल, तेव्हा एवढं कराच. सड्यावर बूट घाला. रात्री टॉर्च लावा, मोबाइलचा चालेल. दगड उचलायचा तर आधी काठीने हलवा. आणि कुणाला साप चावलाच, तर जखम कापू नका, चोखू नका, घट्ट दोरी बांधू नका. मांत्रिकाकडे वेळ घालवू नका. चावलेला भाग हलू न देता १०८ ला फोन करा आणि सरळ हॉस्पिटल गाठा. फुरशाचं विष रक्त गोठू देत नाही आणि त्याचा परिणाम कधी कधी उशिरा दिसतो. 'आता बरं वाटतंय' म्हणून घरी थांबू नका.

आणि हो, आजी-आजोबांना विचारा, त्यांच्या लहानपणी फुरशाबद्दल काय सांगायचे. उत्तर रेकॉर्ड करून आम्हाला नक्की पाठवा. भेटूया पुढच्या भागात!