धुरकें कोणाच्या हद्दींतलें ?

सन १९४३ च्या जुलै महिन्यांत एके दिवशीं लॉस एंजेलिस शहरावर असें दाट धुरकें उतरलें कीं, रस्त्यानें चालणारांचे डोळे चुरचुरूं लागले आणि समोरच्या इमारती दिसेनाशा झाल्या. तो युद्धाचा काळ. जपान्यांनीं विषारी वायु सोडला अशी कुजबूज झाली. मग लोकांचा रोष कृत्रिम रबराचा कच्चा माल करणाऱ्या एका कारखान्यावर वळला. कारखान्याचें काम थांबलें, पण धुरकें थांबलें नाहीं. १९४८ च्या आक्टोबरांत देशाच्या दुसऱ्या टोकाला, पेनसिल्व्हेनियांतील डोनोरा या १४,००० वस्तीच्या गांवीं, कारखान्यांचा धूर दरींत कोंडून राहिला आणि चार-पांच दिवसांत सुमारें २० माणसें दगावलीं. आजारी पडले ते हजारोंनीं मोजावे लागले.

श्रोतेहो, अशा प्रसंगीं देशाचें सरकार कायदा घेऊन धांवलें असेल असें आपणांस वाटेल. वॉशिंग्टनच्या सरकारनें चौकशी केली; त्यापलीकडे कांहीं नाहीं. अमेरिकेच्या राज्यघटनेंत जे अधिकार संघसरकारला दिलेले नाहींत ते राज्यांकडे राहतात, आणि लोकांचें आरोग्य ही राज्यांची व नगरांची बाब, असा रूढ समज होता. कॅलिफोर्नियानें १९४७ सालीं स्वतःचा कायदा केला. संघसरकारनें १९५५ सालीं केला तो केवळ संशोधनास पैसा पुरविण्याचा. परंतु वाऱ्याला राज्याची शींव कळत नाहीं. शिवाय जें राज्य कडक नियम करील तेथले कारखाने शेजारच्या राज्यांत जातील, हें भय प्रत्येकाच्या मनांत होतेंच.

या कथेंतील मला सर्वांत आवडणारा पुरुष कोणी मुत्सद्दी नव्हे. आरी हागेन-स्मिट हे मूळचे डच रसायनशास्त्रज्ञ कॅलिफोर्नियांत अननसाच्या स्वादाचा अभ्यास करीत होते. तीच सूक्ष्म परीक्षेची रीत त्यांनीं शहराच्या हवेला लावली आणि १९५० च्या सुमारास दाखवून दिलें कीं, मोटारींच्या व तेलशुद्धीच्या कारखान्यांच्या वाफा सूर्यप्रकाशांत परस्परांवर क्रिया करून ओझोन निर्माण करतात. म्हणजे गुन्हेगार एखादें धुराडें नव्हतें. ज्याच्या दारीं मोटार तो प्रत्येकजण होता.

मोटारी मात्र सर्व देशांत विकल्या जात. पन्नास राज्यांनीं पन्नास नियम केले तर काय, या धास्तीनें कारखानदारांनीं सर्व देशाला एकच नियम मागितला. मिशिगनचे प्रतिनिधि डिंगेल त्यांच्या बाजूचे, कॅलिफोर्नियाचे सेनेटर मर्फी विरुद्ध. १९६७ सालीं तोड निघाली ती मोठी चतुर. नव्या मोटारींच्या धुरासंबंधीं नियम संघसरकारचा; पण ज्या राज्यानें ३० मार्च १९६६ पूर्वींच असे नियम केले असतील त्यास अधिक कडक नियमांसाठीं परवानगी मिळावी. कॅलिफोर्नियाचें नांव कलमांत कोठेंहि नाहीं, आणि त्या अटींत बसणारें दुसरें राज्यहि नाहीं !

१९७० सालच्या कायद्यानें कामाची वांटणी ठरली. हवा किती स्वच्छ असावी हें वॉशिंग्टननें सांगावें. ती कशी स्वच्छ करावी याची योजना राज्यानें आंखावी. योजना अपुरी ठरली तर संघसरकारनें आपली लादावी. कागदावर हें सरळ दिसतें. लॉस एंजेलिसचें धुरकें वाऱ्यानें ज्यांच्या अंगावर जाई त्या रिव्हरसाइडच्या लोकांनीं खटला भरला, आणि न्यायालयानें संघसरकारलाच योजना करावयास लावलें. जानेवारी १९७३ मध्यें रकलशॉस या अधिकाऱ्यांनीं ती मांडली : धुरक्याच्या मोसमांत पेट्रोलला शिधापत्रिका, आणि रहदारींत सुमारें ८० टक्क्यांपर्यंत कपात. मोटारीवर जगणारें तें शहर हें सोसतें ना ! योजना अंमलांत आलीच नाहीं. माझ्या मतें न्यायालयाचा हुकूम कायद्याला धरून होता, पण लोकांनीं निवडलेल्या स्थानिक सरकारवांचून असा हुकूम चालवावयाचा कोणी, याचें उत्तर त्या कायद्यांत नव्हतें.

१९७७ च्या दुरुस्तीनें इतर राज्यांना कॅलिफोर्नियाचे नियम जसेच्या तसे उचलण्याची मुभा मिळाली. रस्त्यांचें अनुदान रोखण्याचा चाबूकहि संघसरकारच्या हातीं आला. किरणोत्सर्गी कचऱ्याच्या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें १९९२ सालीं मर्यादा घातली : राज्याला पैशाचें आमिष दाखवा, पण अमुक कायदा कराच असें त्याच्या विधिमंडळास फर्मावूं नका. आपल्याकडे पाणी हा राज्यांचा विषय असल्यानें १९७४ चा जलप्रदूषणाचा कायदा राज्यांनीं ठराव केल्यावरच संसदेला करतां आला. महाराष्ट्रानें तर आपला कायदा १९६९ सालींच केला होता.

१९६७ ची तोड मात्र अलीकडे पुन्हां चव्हाट्यावर आली. १२ जून २०२५ रोजीं अध्यक्ष ट्रम्प यांनीं काँग्रेसच्या ठरावांवर सही करून कॅलिफोर्नियाच्या तीन परवानग्या रद्द केल्या, आणि त्याच दिवशीं तें राज्य इतर कांहीं राज्यांसह न्यायालयांत गेलें. वाद असा कीं, अशी परवानगी हा ‘नियम’ होय काय. कारण काँग्रेसनें जो कायदा वापरला त्यानें रद्द होतात ते नियमच.