बडी आघाडी : दोन महिन्यांचा संसार

'आघाडी' हा शब्द मूळचा लढाईतला. उर्दूत त्याला 'महाज' म्हणतात. 'इत्तेहाद' वेगळा, त्यात एक होणं आहे. दोन्ही भाषा शिकवत असल्यामुळे मला हा फरक सहज दिसतो. १९७१च्या मध्यावधी निवडणुकीत इंदिरा गांधींविरुद्ध उभी राहिलेली 'बडी आघाडी' ही निव्वळ महाज होती. इत्तेहाद तिच्यात औषधालाही नव्हता.

२७ डिसेंबर १९७० रोजी लोकसभा विसर्जित झाली. मुदत संपायला वर्षभराहून अधिक काळ होता. मार्चच्या पहिल्या दहा दिवसांत मतदान ठरलं. म्हणजे विरोधकांच्या हाती जेमतेम दोन महिने. तेवढ्यात संघटना काँग्रेस, जनसंघ, स्वतंत्र पक्ष आणि संयुक्त समाजवादी पक्ष एकत्र आले.

आता यांचं जमत कुठे होतं ते पाहा. १९६९ साली चौदा बँकांचं राष्ट्रीयीकरण झालं, ते समाजवाद्यांना हवं होतं आणि स्वतंत्र पक्षाला अजिबात नको होतं. संस्थानिकांच्या तनख्यांचंही तसंच. मुंबईचं उदाहरण तर मजेशीर आहे. १९६७ला जॉर्ज फर्नांडिस यांनी दक्षिण मुंबईत स. का. पाटलांना पाडलं आणि देशभर नाव कमावलं. चारच वर्षांत पाटलांची संघटना काँग्रेस आणि फर्नांडिस यांचा संसोपा एकाच मांडवात! या वेळी दक्षिण मुंबईत फर्नांडिस स्वतःच हरले.

लोहियांच्या बिगरकाँग्रेसवादाचं गणित सरळ होतं. काँग्रेसला निम्म्याहून कमी मतं पडतात, उरलेली एकत्र करा, ती हरते. १९६७ला अनेक राज्यांत ते खरंही ठरलं. पण मतं पेटीतल्या नाण्यांसारखी नसतात, एकाच्या पेटीतून दुसऱ्याच्या पेटीत ओतता येत नाहीत. १९६७ला जनसंघ, स्वतंत्र आणि संसोपा या तिघांची मिळून सुमारे २३ टक्के मतं आणि १०२ जागा होत्या. १९७१ला संघटना काँग्रेससकट चौघांची बेरीज पुन्हा २३ टक्क्यांवरच आली आणि जागा उरल्या ४९. जनसंघ २२, संघटना काँग्रेस १६, स्वतंत्र ८, संसोपा ३. त्या सोळांतल्या अकरा एकट्या गुजरातच्या. इंदिरा काँग्रेसला ३५२. महाराष्ट्रात ४५ पैकी ४२.

'इंदिरा हटाव'ला 'गरीबी हटाव'नं उत्तर मिळालं, हे सगळेच सांगतात. ते खरंही आहे. पण मुस्लीम मतदाराच्या जागेवरून पाहिलं की आणखी एक गोष्ट दिसते. मे १९७०मध्ये भिवंडी आणि जळगाव जळालं होतं. त्याला वर्षही झालं नव्हतं. मोमीनपुऱ्यातल्या विणकराला समाजवादी कार्यकर्ता जवळचा वाटत असे. तो मोर्चात बरोबर असायचा, मजुरीच्या प्रश्नावर बोलायचा. आता तोच जनसंघाच्या मांडीला मांडी लावून मत मागत होता. दंगल झाली तेव्हा राज्यात सरकार काँग्रेसचंच होतं, हेही या मतदाराला ठाऊक होतं. तरी त्याला दुसरी वाट कोणती होती? अब्बांच्या पिढीतली माणसं त्या मतदानाबद्दल बोलताना 'निवडलं' असं क्वचितच म्हणतात, 'देऊन टाकलं' म्हणतात. माझ्या मते आघाडीनं जागांपेक्षा मोठं काही गमावलं असेल तर ते हे. काँग्रेसवर नाराज असलेल्या मुसलमानाला जाण्यासाठी असलेला एक दरवाजा समाजवाद्यांनी स्वतःच्या हातानं लावून घेतला.

निकालानंतर आत्मपरीक्षण फारसं झालं नाही. दक्षिण दिल्लीत हरलेले जनसंघाचे बलराज मधोक मतपत्रिकांवर रासायनिक शाई वापरल्याचा आरोप करत राहिले. आज यंत्रांवर येणाऱ्या आरोपांचे हे पूर्वज म्हणायला हरकत नाही.

आघाडी तर निकालाबरोबरच विस्कटली. तिचा रायबरेलीतला उमेदवार, संसोपाचे राजनारायण, एक लाखाहून अधिक मतांनी पडला होता. हार मान्य न करता ते अलाहाबाद उच्च न्यायालयात गेले. तो खटला चार वर्षं चालला आणि १२ जून १९७५ रोजी निकाल लागला : इंदिरा गांधींची निवड रद्द. तेराव्या दिवशी आणीबाणी आली. पुढे तुरुंगातून सुटून आलेल्या याच मंडळींनी १९७७ला जनता पक्ष केला. या वेळी झेंडा एक, चिन्हही एक. मोरारजी पंतप्रधान झाले, वाजपेयी परराष्ट्रमंत्री, फर्नांडिस उद्योगमंत्री. तो संसार दोन वर्षं आणि काही महिने टिकला.