शंभराचे पावणेनऊशे

स्वामित्व योजना २०२० साली सुरू झाली आणि गावोगाव ड्रोनने गावठाणाची मोजणी होऊन घरांच्या सनदा, मिळकत पत्रिका हातात येऊ लागल्या. आजवर गावठाणातल्या घराचा आपल्याकडे कागद काय, तर घरपट्टीची पावती आणि ग्रामपंचायतीचा उतारा. तेवढ्यावर बँक सहसा दारात उभी करत नसे. आता पक्का कागद आला, घर आपलं आहे हे लिहून मिळालं, चांगली गोष्ट झाली. पण घर गहाण ठेवायची सोयही त्याच कागदाने झाली. म्हणून आज गहाणाचा इतिहास सांगते. तो फार लांबचा नाही, पुणे आणि नगर जिल्ह्यांतलाच आहे.

डिसेंबर १८७४. शिरूर तालुक्यातलं करडे गाव. तिथल्या बाबासाहेब देशमुखांवर काळूराम नावाच्या सावकाराने कोर्टातून हुकूमनामा मिळवला. आकडा होता दीडशे रुपयांचा. देशमुख म्हणजे गावातलं मानाचं घर, पण हुकूमनाम्यापुढे मान चालत नाही. सावकाराने घर पाडायला घेतलं. गावाने हे पाहिलं आणि सावकारावर बहिष्कार टाकला. त्याचं शेत कोणी करायचं नाही, त्याला पाणी भरायचं नाही, हजामतसुद्धा करायची नाही. ही हवा आसपासच्या गावांत पसरली. मग १२ मे १८७५ रोजी भीमथडी तालुक्यातल्या सुपे गावात, म्हणजे आजच्या बारामती तालुक्यातलं सुपे, भर बाजारात शेतकरी सावकारांच्या दुकानांवर चालून गेले.

त्यांनी काय मागितलं, हे महत्त्वाचं आहे. त्यांनी कागद मागितले. चोपड्या, कर्जखतं, हुकूमनामे. मिळाले ते चौकात आणून जाळले. सुप्यात धान्याची दुकानंही लुटली गेली, काही घरांना आगी लागल्या, हे खरं. पण सरकारने पुढे चौकशी आयोग नेमला तेव्हा त्याच्याही ध्यानात आलं की जिथे सावकाराने कागद मुकाट्याने काढून दिले, तिथे फारसा दंगा झालाच नाही. माणसाला वाचता येत नव्हतं, पण आपलं घर आणि रान त्या कागदात अडकलंय हे त्याला पक्कं माहीत होतं.

दंगा झाला त्याची कारणं बरीच होती. अमेरिकेत १८६१ ते १८६५ यादवी युद्ध पेटलं, तिकडचा कापूस विलायतेला जाईना, म्हणून आपल्याकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. सावकारांनी सढळ हाताने कर्जं दिली. युद्ध संपलं, भाव पडला, आणि त्याच सुमारास सरकारने शेतसारा वाढवला. हे सगळं शाळेच्या पुस्तकातही असतं. मला तुम्हाला सांगायची आहे ती कागदाची करामत.

सरकारने १८५९ साली मुदतीचा कायदा केला. साधं कर्जखत तीन वर्षंच चालेल, तेवढ्यात दावा लावला नाही तर ते बाद. हेतू असा, की व्याज वर्षानुवर्षं साचून कुणब्याचा गळा आवळला जाऊ नये. झालं उलटं. तीन वर्षं भरत आली की सावकार म्हणे, बाबा, नवीन खत करून दे, नाहीतर मला कोर्टात जावं लागेल. मग मुद्दल आणि थकलेलं व्याज एकत्र करून जो आकडा येईल तो नव्या खतात मुद्दल म्हणून लिहायचा. आता व्याज त्या सगळ्यावर.

हिशेब करून बघू. समजा शंभर रुपये घेतले, शेकडा दोन रुपये महिना दराने. तीन वर्षांचं व्याज ७२. नवं खत १७२ रुपयांचं. पुढच्या तीन वर्षांनी २९६. नवव्या वर्षी ५०९. बाराव्या वर्षी ८७५. शंभराचे पावणेनऊशे, आणि मधल्या काळात हातात एक पैसाही नवा आलेला नाही. खत दर तीन वर्षांनी बदललं नसतं आणि व्याज नुसतं मुद्दलावरच राहिलं असतं, तर बारा वर्षांनी होतात ३८८. वरचे ४८७ रुपये नुसत्या खत बदलण्याचे.

आपल्या जुन्या धर्मशास्त्रात दामदुपटीचा नियम होता. एका वेळी वसूल करायचं व्याज मुद्दलापेक्षा जास्त नको, म्हणजे शंभराचे फार तर दोनशे. मुंबई इलाख्यातल्या कोर्टांनीही हा नियम मानला होता. मग तो कुठे गेला? कुठेच गेला नाही. खत नवं केलं की मुद्दलच नवं, आणि दामदुपट मोजायची ती या नव्या मुद्दलावर. नियम जागेवर राहिला, खालची जमीन सरकवली.

त्या खतांवर सह्या कशा होत, तेही सांगते. लिहिता न येणारा कुणबी नांगराची निशाणी करी. बाईची निशाणी बांगडी. जुन्या दस्तांत आजही ती नांगराची आणि बांगडीची चित्रं दिसतात. वर काय लिहिलंय ते वाचणारा एकच, लिहून घेणारा. आणि आकडा फार फुगला की खताचं गहाणखत व्हायचं. गहाणाचेही प्रकार. नजरगहाण म्हणजे घर-जमीन आपल्याच ताब्यात, फक्त कागदावर अडकलेली. ताबेगहाण म्हणजे ताबा सावकाराकडे, पीक त्याचं. आणि मुदतीत फेडलं नाही तर गहाणाची आपोआप खरेदी समजायची, असाही एक प्रकार होता. घरं सर्वांत जास्त गिळली ती या शेवटच्यानेच, असं माझं मत आहे.

दंगा मोडला, आयोगाचा अहवाल १८७८ साली विलायतेच्या पार्लमेंटपुढे गेला, आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी खास कायदा झाला. त्यातल्या दोन गोष्टी मला फार मोलाच्या वाटतात. एक, खतात लिहिलेला आकडाच खरा असं कोर्टाने धरायचं नाही, मागे जाऊन पहिल्यांदा किती घेतले, किती फेडले हे उलगडायचं. दुसरी, शेतकऱ्याला प्रत्येक भरण्याची लेखी पावती मागता येईल, दरवर्षी हिशेबाचा उतारा मागता येईल आणि हवं तर पासबुकात नोंद करून घेता येईल. बचत गटाचं पासबुक आपण आज सहज पिशवीत घालून फिरतो. त्या पासबुकाचा हक्क आपल्या भागात कायद्यात लिहिला जायला माणसांना चोपड्या जाळाव्या लागल्या.

पुढे विल्यम वेडरबर्न नावाच्या इंग्रज न्यायाधीशाने पुरंदर तालुक्यात शेतकऱ्यांची बँक काढायची योजना मांडली, न्यायमूर्ती रानडे तिच्या बाजूने होते, पण विलायतेतून परवानगी आली नाही. सहकारी पतपेढ्यांचा कायदा आला तो १९०४ साली. भूविकास बँका त्यानंतरच्या.

घरासाठी म्हणून सामान्य पगारदाराला लांब मुदतीचं कर्ज देणारी पहिली मोठी संस्था, एचडीएफसी, १९७७ साली मुंबईत निघाली. त्याआधी माणूस आयुष्यभर साठवून म्हातारपणी घर बांधी, नाहीतर बायकोचे दागिने मोडी. गृहकर्जाने ते बदललं, हे मान्य करायलाच हवं. बँकेचा नऊ टक्के दर आणि सावकाराचा शेकडा दोन, म्हणजे वर्षाला चोवीस टक्के, यांची बरोबरी करणं अन्यायाचं होईल. पण व्याजाचा स्वभाव तोच आहे.

दहा लाखांचं कर्ज, नऊ टक्के दर, वीस वर्षं. हप्ता बसतो ८,९९७ रुपये. ऐकायला बरा वाटतो. असे २४० हप्ते. बेरीज होते सुमारे २१ लाख ५९ हजार. म्हणजे दहा लाखांचं घर बांधलं आणि साडेअकरा लाखांच्या वर व्याज दिलं. गंमत बघा, ही दामदुपटीच्याही पुढे गेली, आणि तरी यात कुणी फसवलेलं नाही. दामदुपट मोजायची ती एका वेळी थकलेल्या व्याजावर, आणि इथे व्याज महिन्याच्या महिन्याला फिटत जातं.

पहिल्या हप्त्यातले ७,५०० रुपये व्याजात जातात, मुद्दलातून फिटतात फक्त १,४९७. पाच वर्षांत तुम्ही जवळजवळ ५ लाख ४० हजार भरता, आणि मुद्दल उरतं ८ लाख ८७ हजार. पाच वर्षं पोटाला चिमटा काढून एक लाख तेरा हजारच फिटले. अर्धं मुद्दल फिटायला चौदा वर्षं लागतात. म्हणून चार-पाच वर्षांनी घर विकायची वेळ आली की माणसं चक्रावतात, इतके भरले ते गेले कुठे?

मुदत पंधरा वर्षांची केली तर हप्ता १०,१४३. महिन्याला अकराशे-साडेअकराशे जास्त. पण एकूण व्याज तीन लाख तेहतीस हजारांनी कमी होतं. आणि वीसच वर्षांची ठेवून पहिल्या वर्षाअखेर कुठून पन्नास हजार आले, कापसाचे म्हणा, शेळ्या विकल्याचे म्हणा, आणि ते मुद्दलात भरले, तर पुढचे सत्तावीस हप्ते वाचतात. हेच पन्नास हजार पंधराव्या वर्षी भरले तर एवढा फरक पडत नाही. बदलत्या दराच्या गृहकर्जाला बँकांना मुदतीआधी फेडल्याचा दंड लावता येत नाही, हे रिझर्व्ह बँकेने २०१२ पासून ठरवून दिलंय. साहेब म्हणतील राहू द्या ताई, हप्ता चालू आहे ना. आपण मुद्दलातच जमा करा असं लेखी द्यायचं आणि पावती घ्यायची.

दुसरी बाजूही आहे. वीस वर्षांनी आजच्या नऊ हजारांची किंमत आजच्याइतकी राहणार नाही, मजुरी वाढेल, भाव वाढतील. भाडं वाचतं, घराची किंमत चढते. त्यामुळे कर्ज वाईट असं मी म्हणत नाही. पण ज्या घरात पैसा पावसावर येतो, तिथे दर महिन्याच्या पाच तारखेला येणारा हप्ता हे वेगळं ओझं आहे. पगारदाराचा तक्ता आपल्याला जसाच्या तसा लागू पडत नाही.

आता जुन्या खताची आठवण करून देणारी गोष्ट. बँकांच्या नव्या बदलत्या दराच्या गृहकर्जांचे दर २०१९च्या ऑक्टोबरपासून रेपो दरासारख्या बाहेरच्या मापाला बांधले गेले. रेपो दर मे २०२२ पर्यंत चार टक्के होता, फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहा झाला. समजा एखादीने सात टक्क्यांनी दहा लाख घेतले, हप्ता ७,७५३. दोन वर्षांनी मुद्दल उरलं साडेनऊ लाख, आणि दर झाला साडेनऊ टक्के. आता महिन्याचं व्याजच ७,५२६. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात पडतात सव्वादोनशे रुपये, आणि अठरा वर्षं उरलेलं कर्ज सदतीस वर्षांवर जातं. हप्ता वाढला नाही म्हणून घरात कुणाला कळतसुद्धा नाही. यावर ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितलं, की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे कर्जदाराला विचारा. थकलेल्या हप्त्याचा दंड मुद्दलात मिसळून त्यावर व्याज लावायचं नाही, हेही त्याच महिन्यात ठरलं. १८५९ नंतर जे खतांत चालत होतं, त्याचाच हा भाऊबंद.

गावात येणाऱ्या खाजगी फायनान्सवाल्यांचा एक शब्द ध्यानात ठेवा, फ्लॅट दर. एक लाख, पाच वर्षं, फ्लॅट बारा टक्के. म्हणजे साठ हजार व्याज पूर्ण लाखावर, मुद्दल कमी होत गेलं तरी. घटत्या मुद्दलावर मोजलं तर हा दर वीस टक्क्यांच्या वर जातो. आपल्या गटातही शेकडा दोनने कर्ज देतात, मला ठाऊक आहे. पण ते व्याज आपल्याच पेटीत परत येतं, सावकाराच्या नाही.

सही करताना आपण कोण आहोत हेही विचारायचं. महाराष्ट्रात २०२१ पासून घर बाईच्या नावाने घेतलं तर मुद्रांक शुल्कात एक टक्का सूट आहे, त्यामुळे घरावर बायकांची नावं लागू लागली. त्याबरोबर कर्जाच्या कागदावरही लागतात. सहकर्जदार म्हणजे साक्षीदार नव्हे, सगळं कर्ज तिच्याकडूनही वसूल होतं. हप्ते नव्वद दिवस थकले की कर्ज बुडीत खाती धरतात, आणि २००२च्या कायद्याने साठ दिवसांची नोटीस देऊन कोर्टात दावा न लावता तारण घराचा ताबा घेता येतो. शेतजमिनीला तो कायदा लागू नाही. घराला आहे.

आणि कर्ज फिटल्यावर काम संपत नाही. बेबाकी दाखला घ्यायचा. मूळ कागद तीस दिवसांत परत द्यायचे आहेत, बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई, हा नियम डिसेंबर २०२३ पासून आहे. मग ते पत्र घेऊन तलाठ्याकडे, ग्रामपंचायतीत, भूमी अभिलेख कार्यालयात, जिथे जिथे बोजा चढवला होता तिथे जायचं आणि तो उतरवून नवा उतारा काढायचा. तो उतारा हातात येईपर्यंत जुना फेकू नका.